वरून येणारा हात

ऑस्ट्रेलियाच्या अंतर्भागात, क्वीन्सलंडच्या पश्चिमेला किंवा न्यू साउथ वेल्सच्या कोरड्या मुलखात, मैलोन्‌मैल तारेची कुंपणं दिसतात. ऊन तापू लागलं की या कुंपणांच्या लाकडी खांबांवर राखाडी-तांबूस रंगाचा एक सरडा येऊन बसतो. त्रिकोणी डोकं, पसरट अंग, दोन्ही कडांना काट्यांची झालर आणि हनुवटीखाली टोकदार खवल्यांची दाढी. शेपटीसकट लांबी अर्ध्या मीटरच्या आसपास. कितीतरी वेळ तो हलतही नाही. याला बिअर्डेड ड्रॅगन म्हणतात. शास्त्रीय नाव पोगोना व्हिटिसेप्स. घरात पाळल्या जाणाऱ्या सरपटणाऱ्या प्राण्यांत याच्याइतका लोकप्रिय सरडा क्वचितच दुसरा असेल. त्याच्या मायदेशात बहुतेक राज्यांत तो पाळायला परवाना लागतो. युरोप-अमेरिकेत तो दुकानांत मिळतो, आणि आपल्याकडेही मोठ्या शहरांतले हौशी लोक आता तो पाळू लागले आहेत.

पाळणाऱ्या प्रत्येकाला पहिल्या आठवड्यात एकच गोष्ट हवी असते. हा हातावर कधी येईल? मी म्हणेन, आधी उलट बाजूनं विचार करावा. त्यानं हातावर का यावं?

खांबावरचं ते स्वस्थ बसणं पाहणाऱ्याला आळस वाटतो. प्रत्यक्षात तो त्या वेळी दोन कामं करत असतो. एक, अंग तापवणं. दुसरं, पहारा. आभाळातून शिकारी पक्षी, जमिनीवरून तिथल्या मोठमोठ्या घोरपडी आणि साप, असा दोन्हीकडून जिवाला घोर. हलला की दिसला आणि दिसला की संपला, हे गणित त्याच्या जातीत फार जुनं आहे. त्याच्या माथ्यावर, दोन डोळ्यांच्या मागे मधोमध, एक फिकट खवला असतो. त्याखाली प्रकाश ओळखणारा एक अवयव आहे, ज्याला लोक तिसरा डोळा म्हणतात. त्याला चित्र दिसत नाही, उजेड आणि अंधार कळतो. खरे दोन डोळे मात्र डोक्याच्या बाजूंना असल्यानं वरचं आणि मागचं बरंच काही टिपतात. अशा प्राण्याला ठेवलेल्या काचेच्या पेटीचं झाकण वर उघडतं आणि त्यातून पाच बोटांचा पंजा खाली झेपावतो, तेव्हा त्यानं काय समजावं? म्हणून जाणकार लोक समोरून सरकत्या काचेची पेटी घेतात. विश्वासाची सुरुवात अशी पेटीच्या दारापासून होते.

कुत्रा-मांजर पाळलेल्या माणसाची इथे फार गल्लत होते. कुत्रा कळपात राहणाऱ्या प्राण्याचा वंशज, आणि माणसाच्या उंबऱ्याशी त्याच्या हजारो वर्षांच्या पिढ्या गेलेल्या. बिअर्डेड ड्रॅगन एकटा जगतो. मादी मातीत बीळ उकरून अंडी घालते, माती लोटते आणि निघून जाते. पिल्लू बाहेर येतं ते पोरकंच. कुणी त्याला चाटलेलं नसतं, भरवलेलं नसतं, पाठीशी घातलेलं नसतं. माणसाच्या ताब्यात त्याच्या पिढ्या गेल्या त्याही काही दशकांच्याच. ऑस्ट्रेलियानं आपल्या वन्यजीवांच्या व्यापारी निर्यातीला केव्हाच बंदी घातली, त्यामुळे इतर देशांत विकले जाणारे प्राणी तिथेच पेट्यांमध्ये वाढवलेल्या वंशांतले आहेत. पण पेटीत जन्मणं म्हणजे माणसाळणं नव्हे. त्याच्याकडे कुत्र्यासारखी लाडाची भूक नाही, आणि ती तुमच्या प्रेमानं निर्माणही होणार नाही. तरीही हा प्राणी माणसाजवळ शांत होतो, हातावर चढतो, मालकाचा चेहरा काचेपाशी दिसला की पुढे येतो. ते कशामुळे?

याचं उत्तर शोधताना मला साताऱ्याजवळच्या चाळकेवाडीचं पठार आठवतं. तिथे पवनचक्क्यांच्या रांगा उभ्या आहेत आणि त्यांच्या पायथ्याशी, खडकाळ सड्यावर, पंख्यासारखा गळा असणारा एक छोटा सरडा राहतो. नर गळा फुलवतो तेव्हा निळा, काळा आणि नारिंगी असे तीन रंग उन्हात चमकतात. २०१६ साली शास्त्रज्ञांनी त्याला ‘सरडा सुपर्बा’ हे नाव दिलं. त्यातलं पहिलं नाव आपल्या मराठी शब्दावरूनच घेतलेलं आहे. बिअर्डेड ड्रॅगन आणि हा सरडा एकाच अ‍ॅगॅमिडी कुळातले, म्हणजे लांबचे का होईना भाऊबंदच. बंगळुरूच्या भारतीय विज्ञान संस्थेतल्या मारिया ठाकर यांनी अमोद झांबरे आणि हर्षल भोसले यांच्यासह या पठारावर काम केलं आणि २०१८ साली त्याचे निष्कर्ष प्रसिद्ध केले. पवनचक्क्या असलेल्या भागात शिकारी पक्षी जवळजवळ चौपटीनं कमी होते. तिथे सरडे जास्त होते, त्यांच्या रक्तात ताणाचं संप्रेरक कमी होतं, आणि माणूस बराच जवळ आल्याशिवाय ते पळत नव्हते. त्यांना कुणी खाऊ घातलं नव्हतं, कुणी शिकवलं नव्हतं. फक्त वरून झडप पडणं कमी झालं होतं.

भीती फार महाग पडते. पळायचं म्हणजे ऊन सोडायचं, समोरचा किडा सोडायचा, कमावलेली ताकद उधळायची. धोका खरोखरच उरला नाही तर हा खर्च कमी करण्यातच सरड्याचा फायदा असतो. पेटीतल्या बिअर्डेड ड्रॅगनचा विश्वास याच मातीतला आहे. तुमच्या हालचालीवरून पुढे काय होणार हे त्याला आधी कळतं आणि जे होतं ते त्याला बाधत नाही. हे रोज, न चुकता, महिनोन्‌महिने घडत राहिलं की पळण्याचं कारण संपतं. मग त्यात खाण्याची, उबेची, नव्या जागेची गोडी मिसळते आणि तो स्वतःहून पुढे येऊ लागतो. याला प्रेम म्हणायचं की नाही हा वाद मी घालत नाही. ज्या प्राण्याला पळता येतं आणि तरी तो थांबतो, त्यानं काही थोडं दिलेलं नाही.

चाळकेवाडीच्या अभ्यासात आणखी एक गोष्ट होती, आणि पाळणाऱ्यांनी ती विसरू नये. पवनचक्क्यांजवळचे ते निर्धास्त सरडे अंगानं बारीक होते आणि नरांचे रंगही फिके होते. गर्दी वाढली, खाण्यासाठी चढाओढ वाढली. शांत दिसणारा सरडा सुखी असतोच असं नाही. हे पेटीबाहेर जितकं खरं, तितकंच पेटीतही.

म्हणूनच हात पुढे करण्याआधी थर्मामीटर हवा. सरड्याचं शरीर स्वतःची उष्णता स्वतः तयार करत नाही. ती बाहेरून घ्यावी लागते. बिअर्डेड ड्रॅगन आपलं अंग ३५ अंश सेल्सियसच्या आसपास राखायला बघतो. त्यासाठी पेटीच्या एका टोकाला दिव्याखाली ३८ ते ४२ अंशांची जागा हवी आणि दुसरं टोक २५ ते २८ अंशांवर थंड हवं, म्हणजे तो गरजेप्रमाणे इकडून तिकडे जाऊ शकतो. पूर्ण वाढलेल्या एका प्राण्याला १२० सेंटिमीटर लांब आणि ६० सेंटिमीटर रुंद एवढी पेटी तरी लागतेच. त्याहून लहान पेटीत ही दोन टोकं जमतच नाहीत. सगळी पेटी एकतर तापते किंवा निवते.

उष्णतेचा विश्वासाशी थेट संबंध आहे. सकाळी दिवा लागण्याआधी, अंग गार असताना उचललेला सरडा हातावर मुकाट पडून राहतो. नव्या मालकाला वाटतं, जमलं. खरं तर त्याच्या स्नायूंत पळण्याइतकी ऊबच आलेली नसते. हाच सरडा दुपारी, अंग तापल्यावर, तोच हात पाहून पेटीच्या कोपऱ्यात झेप घेतो, तेव्हा मालक म्हणतो, आज याचं डोकं फिरलंय. डोकं फिरलेलं नसतं. सकाळी त्याला नाही म्हणता येत नव्हतं, दुपारी येतं. पळण्याची ताकद असताना तो थांबला तरच त्या थांबण्याला किंमत आहे. त्यामुळे हाताळणी नेहमी ऊब घेऊन झाल्यावर करावी, आधी नाही.

दुसरी बाब अतिनील किरणांची, ज्यांना यूव्हीबी म्हणतात. ते कातडीवर पडले की शरीरात ड-३ जीवनसत्त्व तयार होतं आणि त्याच्या जोरावर खाण्यातलं कॅल्शियम हाडांत उतरतं. खिडकीच्या काचेतून हे किरण जवळजवळ येत नाहीत, म्हणून ‘आमच्या गॅलरीच्या काचेत छान ऊन येतं’ हे पुरेसं नाही. खास यूव्हीबी नळी लावावी लागते आणि ती दिसायला पेटती असली तरी तिची ताकद काही महिन्यांत घटते, म्हणून बदलावीही लागते. हे झालं नाही तर हाडं मऊ होतात, जबडा फुगतो, पाय थरथरतात, बोटं वाकतात. अशा प्राण्याला हलक्या हातानं उचललं तरी कळ येत असणार. मग तो फुगतो, तोंड वासतो, आणि ‘हा रागीटच आहे’ असा शिक्का बसतो. अचानक चिडका झालेला बिअर्डेड ड्रॅगन आधी सरपटणाऱ्या प्राण्यांची माहिती असलेल्या पशुवैद्याला दाखवावा. वेदना असताना सवय लावणं म्हणजे छळ.

आपल्या हवामानाचाही विचार हवा. हा कोरड्या प्रदेशातला प्राणी. पेटीत ३० ते ४० टक्के आर्द्रता त्याला मानवते. मुंबई-कोकणातल्या पावसाळ्यात हवा ओलीचिंब असते आणि त्यात पेटीत हवा नीट खेळती नसेल तर श्वसनाचे आजार होतात. विदर्भातल्या मे महिन्यात उलटी अडचण येते. खोलीच ४० अंशांच्या वर गेली की पेटीत थंड टोक उरत नाही आणि सरड्याला जायला जागा राहत नाही. वीज जाणाऱ्या गावात हिवाळ्याच्या दिवसांत दिवे बंद पडले तर पोटातलं अन्न पचायचं थांबतं. या सगळ्याची सोय झाल्यावर मगच सवय लावण्याची भाषा.

आता त्याची भाषा. हा प्राणी आवाज फारसा करत नाही, पण अंगानं सतत सांगत असतो. दाढी फुगवून काळी केली आणि तोंड वासलं की ती धमकी आहे. पुढे येऊ नकोस. डोकं जोरात वर-खाली झटकणं हे बहुधा नराचं काम, दुसऱ्या नरासमोर किंवा मादीसमोर. पुढचा एक पाय उचलून हवेत सावकाश गोल फिरवणं पाहताना फार गोड वाटतं. लोक त्याचे व्हिडिओ काढतात आणि ‘हा टाटा करतोय’ म्हणतात. ती बहुतेक वेळा शरणागती असते. तू मोठा, मी भांडत नाही. तुमच्याकडे बघून तो रोज हात हलवत असेल तर तो तुम्हाला अजून बलाढ्य अनोळखी समजतो आहे. अंग जमिनीसरशी चपटं करून तुमच्या बाजूला कलणं, पोटावर गडद रेषा आणि ठिपके उमटणं, काचेला पुढचे पाय लावून एकसारखं वर-खाली करत राहणं, ही सारी अस्वस्थतेची लक्षणं. काचेशी झटण्यामागे अनेकदा त्याचं स्वतःचंच प्रतिबिंब असतं. बाहेरच्या बाजूनं कागद चिकटवला की फरक पडतो.

पण प्रत्येक गडद रंग राग नसतो. मेलबर्न विद्यापीठातल्या संशोधकांनी २०१६ साली दाखवलं की या प्राण्याची पाठ आणि दाढी वेगवेगळ्या कारणांसाठी रंग बदलतात. पाठीचा रंग मुख्यतः तापमान आणि भोवतालाशी मिसळून जाणं यासाठी, तर दाढी-छातीचा रंग दुसऱ्या बिअर्डेड ड्रॅगनशी बोलण्यासाठी. सकाळी पाठ काळपट दिसली तर तो ऊब खेचून घेतो आहे एवढंच. तोंड वासण्याचंही तसंच. दिव्याखाली शांत बसून, दाढी न फुगवता तोंड उघडं ठेवलं असेल तर तो अंगातली जास्तीची उष्णता बाहेर टाकतो आहे. तेच तोंड तुमचा हात आत आल्यावर उघडलं तर अर्थ निराळा. एकच खूण दोन प्रसंगी दोन अर्थ सांगते, म्हणून आधी नुसतं पाहायला शिकावं लागतं. आपण सरड्याला रंग बदलणारा म्हणून बदनाम केलं. या सरड्याचे रंग तर त्याचं मन उघड करतात.

पहिले काही दिवस नुसतं पाहण्याचेच. नवा प्राणी घरी आला की त्याला पेटीत सोडावं, खाणं-पाणी ठेवावं आणि हात लावू नये. पाहुण्यांना दाखवू नये. अनेक पिल्लं प्रवासानंतर दोन-चार दिवस नीट खात नाहीत. खाऊ लागणं आणि दिव्याखाली पाय पसरून बसणं ही रुळत चालल्याची पहिली चिन्हं. लपायला एक अंधारी जागा जरूर द्यावी. लोकांना भीती वाटते की लपायला जागा दिली तर तो बाहेरच येणार नाही. अनुभव उलट सांगतो. ज्याला लपता येतं तोच धिटाईनं बाहेर बसतो.

नंतर हात. तो बाजूनं, खालून, त्याच्या नजरेसमोरून आत यावा आणि पेटीच्या तळाशी टेकून राहावा. त्याच्याकडे जाऊ नये. तो बघेल, मान तिरकी करेल, कदाचित जीभ लावेल. जिभेनं तो वास चाचपतो. टाळूतल्या एका अवयवापर्यंत गंधाचे कण पोचवतो. म्हणून हात धुतलेला असावा, अत्तर-साबणाचा उग्र वास नसावा, आणि किड्यांच्या डब्यात घातलेली बोटं तशीच आत नेऊ नयेत, नाहीतर तो बोटालाच किडा समजेल. किती जवळ जायचं? त्याचं लक्ष जाईल पण दाढी फुगणार नाही, इतकंच. सगळं कौशल्य या अंतरात आहे. दाढी काळी होईपर्यंत पुढे रेटलं आणि मग घाबरून हात मागे घेतला, तर तो शिकतो की धमकी दिली की हात जातो. दाढी काळी होऊनही हात रेटतच नेला, तर तो शिकतो की धमकी देऊन उपयोग नाही, आता चावावं किंवा मुर्दाड पडावं. दोन्ही धडे वाईट. धमकीची वेळच येऊ न देता थांबणं आणि दुसऱ्या दिवशी बोटभर पुढे सरकणं हाच मार्ग.

खाणं या कामात मोठी मदत करतं, पण ते त्याच क्षणी मिळालं पाहिजे. हात दिसला आणि लगेच किडा समोर आला तर हात व किडा यांची सांगड बसते. मध्ये बराच वेळ गेला तर बसत नाही. पिल्लं मुख्यतः किड्यांवर वाढतात. मोठ्यांचं खाणं बरंचसं पाल्याचं. त्यामुळे मोठ्याला किडा म्हणजे पर्वणी. रातकिडे, डुबिया झुरळं, माश्यांच्या अळ्या चिमट्यानं किंवा तळहातावरून द्याव्यात. ज्यांना किडे चालत नाहीत त्यांच्यासाठी जास्वंदाचं फूल आहे. ते तो आवडीनं खातो. बागेतून पकडलेले किडे मात्र नकोत. औषध फवारलेलं असू शकतं, आणि काजवा तर कधीच देऊ नये. काही जातींच्या काजव्यांमधलं विष इतकं जहाल असतं की तेवढ्यानं बिअर्डेड ड्रॅगन दगावल्याची नोंद आहे.

तो तळहातावर पाय ठेवू लागला की उचलण्याचा दिवस जवळ आला. छातीखाली हात सरकवावा, चारी पायांना आणि शेपटीच्या मुळाला आधार द्यावा आणि जमिनीपासून फार उंच नेऊ नये. खाली बसून हे करणं उत्तम. पडला तरी लागत नाही आणि तुमची उंचीही त्याच्या अंगावर येत नाही. शेपटी धरून कधीही उचलू नये. पालीची तुटलेली शेपटी पुन्हा येते, याची येत नाही. सुरुवातीला काही मिनिटं पुरेत, आणि तो शांत असतानाच त्याला परत ठेवावं. जेवणानंतर लगेच मात्र हाताळू नये, त्याला ऊब घेत पडू द्यावं. काही प्राणी दोन-तीन आठवड्यांत रुळतात, काहींना महिने लागतात. मोठा होऊन दुसऱ्याच्या घरातून आलेला असेल तर आणखी वेळ धरावा. दोन भावंडांतही एक बिनधास्त आणि एक भित्रा निघतो. भित्र्याला बिनधास्त करणं हे आपलं काम नाही. त्याला त्याच्या मर्यादेत निर्धास्त करणं हे आहे.

सरड्याला अक्कल नसते असं ज्यांना वाटतं त्यांच्यासाठी इंग्लंडच्या लिंकन विद्यापीठातल्या अ‍ॅना विल्किन्सन आणि सहकाऱ्यांचा प्रयोग सांगतो. एका बिअर्डेड ड्रॅगनला तारेचं सरकतं दार डोक्यानं बाजूला सारून पलीकडचा किडा मिळवायला शिकवलं गेलं. त्याचं हे काम इतरांना चित्रफितीवर दाखवलं. ज्यांनी पाहिलं त्यांनी दार उघडलं. ज्यांना दार आपोआप सरकताना दाखवलं होतं त्यांना ते जमलं नाही. २०१५ साली प्रसिद्ध झालेल्या या अभ्यासानं सरपटणाऱ्या प्राण्यांत अनुकरणाचा पुरावा पहिल्यांदा पुढे ठेवला. एकट्यानं जगणारा प्राणी दुसऱ्याचं पाहून शिकतो, तर तो तुमचंही पाहत असणार यात शंका नको. तुम्ही कोणत्या पावलानं खोलीत येता, काच सरकवल्यावर काय होतं, संध्याकाळी दिवा मालवण्याआधी तुम्ही काय करता, हे त्याच्या रोजच्या हिशोबात जमा होत असतं. प्राणिसंग्रहालयांत मगरी आणि कासवं रंगीत चेंडूच्या मागे चालत येऊन स्वतःहून तपासणीला उभी राहतात ती याच बळावर. घरी काडीच्या टोकाला रंगीत मणी लावून तेच शिकवता येतं. मणी जिथे, तिथे खाणं. काही दिवसांत सरडा मण्यामागे चालत वजनकाट्यावर येऊन बसतो आणि त्याला पकडून वजन करण्याचा झगडाच संपतो. नुसत्या अंगाखांद्यावर बसवण्यापेक्षा ही देवाणघेवाण मला जास्त मोलाची वाटते, कारण इथे सरड्याला नकार देण्याची मुभा असते.

त्याच्या झोपेचा मान राखणंही यातच आलं. फ्रँकफर्टच्या माक्स प्लांक मेंदू संशोधन संस्थेत जिल लोराँ यांच्या गटानं २०१६ साली झोपलेल्या बिअर्डेड ड्रॅगनच्या मेंदूची नोंद घेतली. आपल्याला स्वप्नं पडतात त्या अवस्थेसारखी एक अवस्था आणि गाढ झोपेची अवस्था सुमारे ८० सेकंदांच्या चक्रात रात्रभर आलटून पालटून येताना त्यांना दिसली. कामावरून रात्री उशिरा आलेल्या माणसाला सरड्याशी खेळावंसं वाटतं, पण दिवे मालवल्यावर त्याला उठवू नये. थंडीच्या दिवसांत अनेक प्रौढ प्राणी आठवडेच्या आठवडे सुस्त होतात, खाणं सोडतात, कोपऱ्यात पडून राहतात. पशुवैद्यानं आजार नाही असं सांगितलं असेल तर त्यांना तसंच राहू द्यावं. कात टाकताना अंगाला स्पर्श नकोसा होतो. विणीच्या हंगामात सभ्य नरसुद्धा डोकं झटकत फिरतो. या दिवसांत विश्वास गेला असं समजून घाबरू नये. हंगाम सरला की तो पूर्वपदावर येतो.

काही प्रकार मात्र सरळ थांबवायला हवेत. सरड्याला उताणं करून पोट चोळलं की तो निपचित पडतो आणि त्याला ‘संमोहन’ म्हणून दाखवतात. ते भीतीनं आलेलं ताठरलेपण आहे, आणि छाती-पोटामधला पडदा नसल्यानं उताण्या अवस्थेत त्याला श्वास घेणंही जड जातं. हात फिरवताना त्यानं डोळे मिटले म्हणजे सुख वाटतंय, हेही गृहीत धरू नये. नकोशा स्पर्शापुढेही तो डोळे मिटून घेतो. अंग सैल आहे का, दाढी फिकट आहे का, हात काढल्यावर तो तिथेच राहतो का, हे पाहावं. ‘सोबत हवी’ म्हणून एका पेटीत दोन ठेवू नयेत. एकमेकांवर चढून बसलेले सरडे मिठी मारत नसतात, वरचा खालच्याचं ऊन बळकावतो. खवलेविरहित कातडीसाठी पैदास केलेले प्राणी विकायला येतात. त्यांची कातडी नाजूक, ओरखडे लगेच पडतात. रंगासाठी किंवा गुळगुळीतपणासाठी प्राण्याच्या स्पर्शालाच दुखणं जोडणारी ही पैदास मला अजिबात मान्य नाही. आणि गर्दीत, बाजारात, वाढदिवसाच्या समारंभात खांद्यावर मिरवायला हा प्राणी नाही.

घरात लहान मुलं असतील तर एक नियम पाळावाच. निरोगी दिसणाऱ्या सरड्याच्या विष्ठेतूनही साल्मोनेला जीवाणू पसरू शकतात. हाताळल्यावर साबणानं हात धुवावेत, त्याची भांडी स्वयंपाकघराच्या ओट्यावर घासू नयेत, आणि पाच वर्षांखालच्या मुलांना त्याला हात लावू देऊ नये. मोठ्या मुलांना मात्र हा प्राणी एक गोष्ट फार चांगली शिकवतो. ज्याला आवाज नाही त्याचं म्हणणं डोळ्यांनी ऐकावं लागतं.

बिअर्डेड ड्रॅगन नीट सांभाळला तर दहा-बारा वर्षं जगतो. आणण्याआधी आपल्या गावात सरपटणाऱ्या प्राण्यांवर उपचार करणारा पशुवैद्य आहे का ते विचारा, विकणाऱ्याकडून पावती आणि कागद मागा, आणि कागद नसतील तर तिथून परत फिरा. ही आवड भागवायला म्हणून आपल्या रानातली घोरपड घरी आणणं हा वन्यजीव संरक्षण कायद्यानं गुन्हा आहे, आणि सड्यावरच्या सरड्यांनाही सड्यावरच राहू द्या. दिव्याचा, नळीचा, किड्यांचा आणि वैद्याचा खर्च दहा वर्षं झेपणार असेल, आणि तो हातावर आलाच नाही तरी तुम्ही त्याला तितक्याच निष्ठेनं सांभाळणार असाल, तरच हा प्राणी घरी आणा.